दुसऱ्या रांगेतलं व्हायोलिन ऐकू येतंय का?

गेल्या महिन्यात एका वाचकाला मी न्यू ट्रोल्स या इटालियन रॉक गटाचा १९७१चा ‘कॉन्चेर्तो ग्रॉसो’ हा अल्बम ऐकायला सुचवला आणि जाता जाता लिहिलं, ‘शक्य तर लॉसलेस ऐका’, म्हणजे मूळ आवाजातलं काही न गाळणाऱ्या फाईलमधून. त्या चार शब्दांवर इतकी पत्रं आली, की या वेळचं सगळं सदर त्यांनाच दिलं आहे.

नव्या वाचकांसाठी थोडक्यात ओळख. मी बावीस वर्षं वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवलं आणि ती सगळी वर्षं दुसऱ्या व्हायोलिनच्या रांगेत काढली. मुख्य सूर पहिली रांग घेते, आम्ही त्याच्या खालची जागा भरतो. त्यामुळे कुठलंही रेकॉर्डिंग लागलं, की माझा कान आधी खालच्या सुरांकडे जातो. पुढच्या उत्तरांमध्ये ते दिसेलच.

ताई, माझं वय ५८. पीएफएम, बांको, न्यू ट्रोल्स अशा इटालियन गटांचे चाळीसेक अल्बम मी ३२० किलोबिटच्या एमपीथ्रीमध्ये जमवले आहेत. मित्र म्हणतो, ‘फ्लॅकमध्ये ऐकलं नाहीस तर ऐकलंच नाहीस.’ सगळं पुन्हा विकत घेऊ का? मला फरक कळेल का?

कळण्याची शक्यता कमी आहे. हे मी स्वतःवर करून पाहिलं आहे, म्हणून सांगते.

आधी हिशेब. सीडीवरचा आवाज म्हणजे सेकंदाला ४४,१०० मोजमापं, प्रत्येक मोजमाप १६ बिटचं, आणि तीही डाव्या-उजव्या अशा दोन बाजूंची. गुणाकार केला की सेकंदाला सुमारे १,४११ किलोबिट होतात. चाळीस मिनिटांचा अल्बम ४२० एमबीच्या घरात जातो. फ्लॅक हा लॉसलेस फाईलचा प्रकार हीच माहिती नीट घडी घालून ठेवतो. जागा बहुधा निम्मी किंवा थोडी जास्त लागते, पण घडी उलगडली की प्रत्येक बिट जिथल्या तिथे असतो. लॉसलेस म्हणजे एवढंच. एमपीथ्री मात्र घडी घालत नाही, ते निवड करतं. मोठ्या आवाजाशेजारी त्याच सुमाराचा लहान आवाज असेल, तर तो माणसाला ऐकू येत नाही हे धरून त्याच्या वाट्याची माहिती ते कमी करतं. असा दडणारा आवाज बहुतेक वेळा कुणाचा असतो? आमच्या रांगेचा! म्हणून मला एमपीथ्रीचा वर्षानुवर्षं राग होता.

मग एके दिवशी भाचीने मला बसवलं. लॅपटॉपचा पडदा स्वतःकडे वळवला आणि ‘कॉन्चेर्तो ग्रॉसो’तल्या अलेग्रोचा, म्हणजे जलद भागाचा, वीस सेकंदांचा तुकडा लावला. एकदा फ्लॅकमधून, एकदा ३२०च्या एमपीथ्रीमधून, आणि तिसऱ्यांदा दोहोंपैकी एक. तिसरा कुठला ते मी ओळखायचं, असं सोळा वेळा. दोन्हींची पातळी तिने आधी समान करून घेतली होती, कारण किंचित मोठा वाजणारा तुकडा कुणालाही चांगलाच वाटतो. मी डोळे मिटून, बोटं गुडघ्यावर ठेवून माझी रांग शोधत होते. सोळापैकी नऊ बरोबर आले. नाणं उडवलं असतं तरी आठ आलेच असते.

नंतर तिने न सांगता १२८ किलोबिटची फाईल लावली. या वेळी पंधरा बरोबर. व्हायोलिनवरून नाही, ड्रमसेटच्या सिंबलवरून ओळखलं. सिंबलवर काठी पडल्यावर जो तुषारासारखा आवाज विरत जातो, तो १२८मध्ये पाण्याखालून आल्यासारखा फसफसतो. एकदा कानात बसला की मग दुसरं काही ऐकूच येत नाही.

तेव्हा चाळीसच्या चाळीस अल्बम पुन्हा घेऊ नका. १२८ किंवा १६०वाले असतील तेवढे बदला. यापुढे जे नवं घ्याल ते मात्र लॉसलेसच घ्या, आणि ते जपण्यासाठी घ्या. फ्लॅकपासून उद्या हवा तो प्रकार करता येतो. एमपीथ्रीपासून दुसरं एमपीथ्री केलं की दर खेपेला थोडं झिजतं. आणि मित्राला सांगा, तुम्ही जे ऐकलंत ते पुरेपूर ऐकलंत.

सत्तरच्या दशकातल्या एका इटालियन अल्बमची ‘रीमास्टर्ड, २४ बिट, ९६ किलोहर्ट्झ’ आवृत्ती हौसेने घेतली. माझ्या जुन्या सीडीपेक्षा ती वाईट वाटते. आवाज मोठा आहे, पण दहा मिनिटांत डोकं उठतं. दोष माझ्या कानाचा की यंत्राचा?

दोन्हींचा नाही. तुमचं पत्र वाचून मला फार बरं वाटलं, कारण खरा मुद्दा इथेच आहे आणि लॉसलेसच्या गडबडीत तोच राहून जातो.

कॉम्प्रेशन हा शब्द दोन वेगळ्या गोष्टींना लावतात. एक फाईलचं, ज्याबद्दल वर लिहिलं. दुसरं आवाजाच्या चढउतारांचं. रेकॉर्डिंगमधले शांत भाग वर उचलायचे, उंच शिखरं दाबायची, म्हणजे सगळंच मोठ्याने वाजतं. नव्वदच्या दशकापासून पुढे कितीतरी जुन्या रेकॉर्डिंगच्या नव्या आवृत्त्या अशा काढल्या गेल्या. चढउतार मास्टर, म्हणजे विक्रीसाठीची अंतिम प्रत, करतानाच गेले, तर पुढे फाईल फ्लॅक असो, २४ बिट असो, काही उपयोग नाही. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

हे डोळ्यांनी पाहता येतं. माझ्याकडे एका अल्बमच्या अशाच दोन प्रती आहेत. ऑडॅसिटी नावाच्या मोफत प्रोग्रॅममध्ये दोन्हींचं तेच गाणं एकाखाली एक उघडलं. जुन्या सीडीची आकृती डोंगररांगेसारखी होती: तंतुवाद्यं एकटी असतात तिथे बारीक रेघ, ड्रम आत येतात तिथे सुळका. नवीची आकृती पहिल्या सेकंदापासून शेवटपर्यंत विटेसारखी, वरून-खालून सपाट. मग नवीची पातळी कमी करून दोन्ही सारख्या आवाजात ऐकल्या. नवीत व्हायोलिन आणि इलेक्ट्रिक गिटार एकाच अंतरावरून, एकाच ताकदीने अंगावर येत होते. जुनीत व्हायोलिन मागे बसलेलं होतं, आणि त्याच्याही मागे, हलकंसं, दुसरी रांग. तुम्हीही पातळी जुळवून ऐका, कारण मोठेपणाचा पहिला प्रभाव फसवा असतो.

या संगीताला हा मार इतका का बसतो, तेही सांगते. न्यू ट्रोल्स हा जेनोवाचा रॉक गट. त्यांच्या ‘कॉन्चेर्तो ग्रॉसो’चं ऑर्केस्ट्रासाठीचं लेखन लुईस बाकालोव यांचं. ते जन्माने अर्जेंटिनाचे, कारकीर्द इटलीत, पुढे १९९४च्या ‘इल पोस्तीनो’ या चित्रपटाच्या संगीतासाठी त्यांना ऑस्करही मिळालं. हे काम मुळात १९७१च्याच ‘ला वित्तिमा देझिन्याता’ या चित्रपटासाठीचं. पण नाव पाहा. कॉन्चेर्तो ग्रॉसो हा इटलीतलाच बरोक काळातला प्रकार. आर्कांजेलो कोरेल्लीचे बारा कॉन्चेर्ती ग्रॉसी त्याच्या मृत्यूनंतर, १७१४मध्ये प्रसिद्ध झाले. त्यात एक छोटा गट असतो, त्याला कॉन्चेर्तीनो म्हणतात, आणि बाकीचा सगळा वाद्यवृंद म्हणजे रिपिएनो. थोडे विरुद्ध पुष्कळ, हलकं विरुद्ध भरलेलं, अशी ती देवाणघेवाण. बाकालोवने छोट्या गटाच्या जागी रॉक बँड बसवला. विजेवर चालणाऱ्या चार-पाच वाद्यांनी आता अख्ख्या तंतुवाद्यवृंदाशी बोलायचं होतं. त्या बोलण्याचा सगळा अर्थ लहान-मोठेपणात आहे. दोघांना एकाच उंचीवर आणलं, की संवाद राहत नाही, कल्ला उरतो.

त्यातला अडाजो, म्हणजे संथ भाग, ऐका. त्याचे शब्द हॅम्लेटच्या स्वगतातले आहेत: मरणं, झोपणं, कदाचित स्वप्न पडणं. गायक हळू गातो आणि खाली तंतुवाद्यांचे लांब गज चाललेले असतात. मी त्या गजांच्या जागी किती वर्षं बसले आहे! अशा वेळी गज तारेवर जवळजवळ वजन न देता ओढायचा असतो. तो ओढायला हात थरथरतो, मोठ्याने वाजवण्यापेक्षा ते कितीतरी अवघड. एवढ्या कष्टाने केलेली हळुवारता कुणीतरी एक बटण फिरवून वर उचलावी, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

आणि २४ बिटचं म्हणाल, तर १६ बिटमध्ये सर्वांत शांत आणि सर्वांत मोठ्या आवाजात ९६ डेसिबलचं अंतर मावतं. त्या काळच्या टेपवर त्याहून बरंच कमी मावत असे. स्टुडिओत काम करताना २४ बिटची मोकळीक लागते. घरी ऐकायला जुनी, न दाबलेली १६ बिटची सीडी पुष्कळ आहे. जुन्या प्रती शोधा; तुमची जुनी सीडी तुम्ही ठेवून दिलीत याबद्दल तुमचं कौतुक.

इल रोवेशो देल्ला मेदाल्या या गटाचा ‘कोन्तामिनात्सिओने’ ऐकताना दर गाण्याच्या सांध्यावर उचकी लागल्यासारखी फट येते. फाईल खराब आहे का?

फाईल एमपीथ्री असणार. १९७३चा हा अल्बमही बाकालोवच्याच साथीने झालेला, बाखच्या ‘वेल-टेम्पर्ड क्लॅव्हिअर’वर उभा, आणि त्याचे छोटे छोटे भाग एकातून एक निघतात. एमपीथ्री आवाजाचे १,१५२ मोजमापांचे ठरावीक तुकडे पाडतं. गाणं त्या मापात नेमकं बसलं नाही, की पुढे-मागे शांतता भरतं. काही प्लेअर ती कापून टाकतात, सगळे नाही. फ्लॅकमध्ये मोजमापांची नेमकी संख्या लिहिलेली असते, त्यामुळे फट येत नाही. प्लेअरमध्ये ‘गॅपलेस’चा पर्याय चालू आणि क्रॉसफेड (एक गाणं संपता संपता पुढचं त्यात मिसळणं) बंद आहे ना, एवढं पाहून घ्या. अशा सलग अल्बमसाठी लॉसलेसचा फायदा कानाला खरोखर कळतो. इथे परीक्षा घ्यायचीही गरज नाही.

ब्लूटूथ हेडफोनवर लॉसलेस ऐकू येतं का?

बहुतेक नाही. फोनमधली फाईल फ्लॅक असली तरी हवेतून पाठवताना ती पुन्हा निवडून-गाळून पाठवली जाते. एलडॅकसारखा चांगला प्रकारही जास्तीत जास्त ९९० किलोबिटपर्यंत जातो. चालता-फिरता ते उत्तम आहे. बसून ऐकणार असाल तर वायरचा हेडफोन.

मी नुकतीच इटालियन प्रॉगकडे, म्हणजे प्रोग्रेसिव्ह रॉककडे, वळले आहे. काही अल्बममध्ये व्हायोलिनचा ताफा ऐकू येतो, पण ऑर्केस्ट्राचं नाव कुठेच नसतं. तो खरा की यंत्र? ओळखायचं कसं?

किती छान प्रश्न! यंत्र असेल तर बहुधा मेलोट्रॉन. वाद्यवृंद बोलावणं सगळ्यांना परवडत नसे, म्हणून सत्तरच्या दशकात कितीतरी गटांनी ते वापरलं. पीएफएममध्ये आहे, आणि म्युझेओ रोझेनबाखच्या १९७३च्या ‘झरथुस्त्रा’मध्ये तर भरपूर आहे.

ते दिसतं ऑर्गनसारखं. १९७०मध्ये आलेल्या एम४०० या मॉडेलला ३५ पट्ट्या, आणि प्रत्येक पट्टीखाली टेपची वेगळी फीत, तिच्यावर खऱ्या वाद्याचा तो एक सूर रेकॉर्ड केलेला. पट्टी दाबली की फीत हेडवरून सरकते, सोडली की स्प्रिंग तिला मागे खेचते. फीत सुमारे आठ सेकंदांची. पट्टी दाबून धरली तरी आठ सेकंदांनी सूर संपतो.

ओळखण्याच्या खुणा यातूनच निघतात. पहिली, सूर फार लांब चालत नाही. आठ सेकंदांच्या आत वादक कॉर्ड बदलतो किंवा पुन्हा दाबतो. दुसरी मला विशेष आवडते: तोच सूर पुन्हा वाजला की त्याचा कंपही तसाच, त्याच जागी येतो, कारण फीत तीच. माणसाच्या बोटाला तो कंप दोनदा तसाच देता येत नाही. तिसरी म्हणजे सुरुवात. आम्ही दहा-बारा जणी एका इशाऱ्यावर गज टेकवायचो, तरी कुणाचा केसभर आधी, कुणाचा केसभर नंतर. त्या विस्कळीतपणातून रांगेचा मऊ काठ तयार होतो. मेलोट्रॉनच्या सुराला तो नसतो. त्याचा सूर किंचित डळमळत, धुक्यातून आल्यासारखा येतो. ते त्याचं स्वतःचं सौंदर्य आहे, आणि ‘नकली ऑर्केस्ट्रा’ म्हणून त्याला कमी लेखणं मला पटत नाही.

आता शेजारी शेजारी ऐका. ओझान्ना या नेपल्सच्या गटाने १९७२मध्ये ‘मिलानो कालिब्रो ९’ या चित्रपटासाठी केलेलं संगीत घ्या. प्रेलुदियो (प्रस्तावना), तेमा (मुख्य सूर), सात व्हारियात्सिओनी (त्याचीच बदलती रूपं) आणि कान्झोना (गाणं) अशी त्याची मांडणी. त्यात बाकालोव आहेत आणि खरी तंतुवाद्यं आहेत. त्यानंतर लगेच ‘झरथुस्त्रा’ लावा. दोन बैठकांत कान तयार होईल. आणि एकटं, खरं, अंगात आलेलं व्हायोलिन हवं असेल, तर क्वेल्ला व्हेक्किया लोकांदा हा गट ऐका. त्यांचे दोनच अल्बम, १९७२ आणि १९७४चे.

फ्लॅक म्हणून विकलेली फाईल खरी फ्लॅक आहे हे कसं ओळखायचं?

मी यात फसले आहे. एका विक्रेत्याकडून मी या काळातले सहा अल्बम फ्लॅकमध्ये घेतले, दोन वर्षं ऐकले आणि इतरांनाही आनंदाने सांगितले. मग कधीतरी ऑडॅसिटीत त्यांचा स्पेक्ट्रोग्राम पाहिला. हा आवाजाचा नकाशा असतो, आडवा काळ, उभी कंपनसंख्या. चार अल्बममध्ये १६ हजार हर्ट्झच्या वर पट्टीने कापल्यासारखी सरळ रेघ आणि त्यावर अंधार. कुणीतरी कमी दर्जाचं एमपीथ्री घेऊन त्यालाच फ्लॅकची घडी घातली होती. पैसे परत मागितले, उत्तर आलं नाही.

मला ते कानाने कळलं नव्हतं, आणि कळणारही नव्हतं. माझं वय ६३, तपासणीत साडेबारा हजार हर्ट्झच्या वरचं मला ऐकू येत नाही असं निघालं. वाईट वाटलं ते ऐकू येण्या-न येण्याचं नाही. जपून ठेवण्यासाठी जे घेतलं ते जपण्यासारखं नव्हतं, याचं वाटलं.

एक सावधगिरी. जुन्या टेपवरही वरच्या भागात फारसं काही नसतं, पण तिथे आवाज उतारासारखा हळूहळू कमी होत जातो. सरळ, आडवी, सगळ्या गाण्यांमध्ये त्याच उंचीवरची रेघ दिसली तर शंका घ्या. फ्लॅकच्या आत तपासणीसाठी एक एमडीफाइव्ह आकडा असतो. तो जुळला म्हणून निश्चिंत होऊ नका, कारण फाईल नंतर बिघडली नाही एवढंच तो सांगतो, ती कुठून आली ते नाही. सर्वांत खात्रीचा मार्ग म्हणजे सीडी घेऊन स्वतः उतरवून घेणं. एक्झॅक्ट ऑडिओ कॉपीसारखा प्रोग्रॅम प्रत्येक भाग नीट वाचला गेला की नाही याची नोंदही देतो.

जुन्या इटालियन रेकॉर्डिंगमधला टेपचा ‘हिस्स’ सॉफ्टवेअरने काढून टाकला तर चालेल का? शांत भागांत फार जाणवतो.

कृपा करून मूळ फाईलवर करू नका. हिस्स, म्हणजे टेपची मागची सततची सूंसूं, वरच्या सगळ्या कंपनसंख्यांमध्ये पसरलेला असतो, आणि व्हायोलिनच्या गजाची खरखरही तिथेच असते. राळ लावलेले घोड्याचे केस तारेला घासतात तो बारीक, कोरडा आवाज. सॉफ्टवेअरला दोन्ही सारखेच दिसतात. हिस्स काढायला गेलात की व्हायोलिनचा सूर राहतो, पण गज नाहीसा होतो, आणि खऱ्या रांगेचं मेलोट्रॉन होऊन बसतं.

‘कॉन्चेर्तो ग्रॉसो’च्या तिसऱ्या भागाच्या सुरुवातीला कादेन्झा आहे, तिथे एकटं व्हायोलिन वाजतं. आधी तो भाग आहे तसा ऐका, आवाज बेताचा ठेवून, वायरच्या हेडफोनवर. गजाने दिशा बदलली की एक छोटा श्वास येतो, तो पकडा. मग फाईलची प्रत करा, त्या प्रतीवरचा हिस्स काढा आणि तेच पुन्हा ऐका. तो श्वास शिल्लक असेल तर प्रत ठेवा, नसेल तर पुसून टाका.